पाडण्यासाठी बांधलेली शहरे

(द्वितीय वर्ष कला)

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत घरी गेले असताना एका रात्री मी मोबाइलवर एक जुना जपानी चित्रपट लावला होता. कृष्णधवल, १९५४ सालचा. नाव 'गोजिरा'; इंग्रजीत त्याचेच 'गॉडझिला' झाले. समुद्रातून एक महाकाय प्राणी वर येतो आणि टोकियो शहर तुडवीत जातो, अशी ती कथा. वडील शेजारी येऊन बसले. ते गवंडी आहेत. पडद्याच्या तळाशी येणारी इंग्रजी अक्षरे त्यांना वाचता येत नाहीत, म्हणून मी ती वाचून मराठीत सांगत होते. शहर कोसळू लागले तसे ते पुढे सरकले. चित्रपट संपल्यावर ते राक्षसाविषयी काहीतरी विचारतील असे मला वाटले होते. पण त्यांनी विचारले ते एवढेच, की ही पडलेली घरे बांधली कोणी, आणि बांधायला दिवस किती लागले?

मला उत्तर देता आले नाही. कॉलेजात जाणारी घरातली पहिली मुलगी म्हणून माझ्याकडे सगळ्या प्रश्नांची उत्तरे असतात अशी घरच्यांची समजूत आहे. ती किती चुकीची आहे हे त्या रात्री पुन्हा एकदा कळले. सुट्टी संपली आणि मी शोध घेऊ लागले. तो शोध एका माणसापाशी येऊन थांबला. त्या माणसाचे नाव एइजी त्सुबुराया.

एइजीचा जन्म जुलै १९०१ मध्ये सुकागावा या गावी झाला. जपानच्या ईशान्येकडील फुकुशिमा प्रांतातले हे गाव. (२०११ चा भूकंप आणि तिथल्या अणुवीज केंद्राचा अपघात यांमुळे त्या प्रांताचे नाव आता आपल्यालाही ठाऊक आहे.) घरचा धंदा कोजी तयार करण्याचा. तांदळावर एक विशिष्ट बुरशी वाढवून हे कोजी करतात. मिसो काय किंवा साके नावाचे मद्य काय, जपानी स्वयंपाकघरातल्या कितीतरी गोष्टींचे ते विरजणच म्हणा ना! म्हणजे घर खाऊनपिऊन सुखी होते. पण तीन वर्षांचा असतानाच एइजीची आई वारली. वडील घरजावई होते. तेही पुढे या घरापासून दूर झाले. पोर आजीच्या ओटीत आले. जोडीला एक मामा होता, इचिरो नावाचा. वयाने तो इतका जवळचा, की मामा कसला, थोरला भाऊच! मुलाचे पाळण्यातले नाव खरे तर एइइची. पण 'इची' म्हणजे एक आणि 'जी' म्हणजे दोन. घरात थोरला इचिरो असताना आपण दुसरे, म्हणून त्याने पुढे एइजी हे नाव घेतले असे सांगतात. ही हकिकत वाचल्यावर तो माणूस मला एकदम आपल्यातला वाटला.

१९१० च्या डिसेंबरात टोकियोतील योयोगीच्या मैदानावरून दोन लष्करी अधिकाऱ्यांनी विमाने उडवली. जपानच्या भूमीवरची ही पहिली उड्डाणे. नऊ वर्षांच्या एइजीला विमानांचे वेड लागले ते तेव्हापासून. तो लाकडाची विमाने करू लागला. ती इतकी हुबेहूब असत, की वर्तमानपत्रातही त्याच्याविषयी छापून आले. त्याच सुमारास त्याने पहिल्यांदा चलच्चित्र पाहिले. पडद्यावर ज्वालामुखीचा उद्रेक होता. बाकीची मंडळी ज्वालामुखीकडे पाहत होती, आणि हा मात्र ते चित्र दाखवणाऱ्या यंत्राकडे! मग त्याने खेळण्यातला प्रोजेक्टर मिळवला आणि कागदाच्या पट्टीवर काडीची माणसे काढून स्वतःचा 'चित्रपट' फिरवला. पुढच्या साऱ्या आयुष्याची बाराखडी त्या कागदी पट्टीत आहे, असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही.

पण तेव्हा त्याला व्हायचे होते वैमानिक. घरच्यांची समजूत घालून १९१६ साली तो टोकियोजवळ हानेदा येथे नव्यानेच निघालेल्या विमानविद्यालयात दाखल झाला. आज तिथे जपानचा मोठा विमानतळ आहे. त्या वेळी या विद्यालयाकडे विमान होते एकच, आणि शिक्षकही मुख्यतः एकच, सेइतारो तामाई. १९१७ च्या मे महिन्यात तामाई उड्डाण करीत असताना ते एकुलते एक विमान कोसळले आणि त्यात त्यांचा अंत झाला. विद्यालय बंद पडले. पंधरा वर्षांच्या मुलाचे आभाळ मिटले.

मग पोटासाठी आणि शिकण्यासाठी त्याने टोकियोतच विजेच्या यंत्रविद्येच्या शाळेत नाव घातले. शिकता शिकता खेळणी तयार करणाऱ्या एका कंपनीसाठी तो नवनवीन खेळणी शोधून काढू लागला आणि त्यावर त्याला पैसेही बरे मिळू लागले. १९१९ च्या वसंतात कंपनीची मंडळी चेरीचा बहर पाहायला गेली होती. तिथे शेजारच्या एका कंपूशी त्यांची बाचाबाची झाली. एइजीने मध्ये पडून भांडण मिटवले. पलीकडची माणसे निघाली चित्रपटवाली! त्यांच्यात योशिरो एदामासा नावाचे दिग्दर्शक होते. त्यांना हा पोरगा आवडला आणि त्यांनी त्याला आपल्या कंपनीत बोलावून घेतले. एखाद्याचे आयुष्य कुठल्या वळणावर कलाटणी घेईल हे सांगता येत नाही म्हणतात ते खरे; पण भांडणात मध्ये पडणाऱ्याला नोकरी लागल्याचे उदाहरण मी तरी दुसरे ऐकलेले नाही.

पुढची दहा-पंधरा वर्षे थोडक्यात सांगते. दोन वर्षे सक्तीची लष्करी सेवा झाली. नंतर घरच्यांना त्याने गावातच राहून धंदा पाहावा असे वाटत होते; ते मोडून हा पुन्हा चित्रपटांकडे गेला. १९२३ च्या भूकंपाने टोकियोची राखरांगोळी झाली होती आणि चित्रपटाचा धंदा क्योटोकडे सरकला होता. तिथे तेइनोसुके किनुगासा यांच्या १९२६ च्या 'अ पेज ऑफ मॅडनेस' या चित्रपटाच्या छायालेखनात त्सुबुरायांनी साहाय्य केले आणि वर्षभरात ते स्वतंत्र छायालेखक झाले. दृश्याला खोली यावी म्हणून ते सेटवर इतका धूर करीत, की सहकाऱ्यांनी त्यांचे नावच 'धुरकट त्सुबुराया' असे पाडले. कॅमेरा उंच-खाली नेण्यासाठी त्यांनी स्वतःची क्रेन बनवली. चित्रीकरणात उंचावरून पडून ते एकदा जबर जखमी झाले. त्या दुखण्यात इस्पितळात रोज विचारपूस करायला येणाऱ्या मासानो अराकी या तरुणीशी १९३० साली त्यांचा विवाह झाला.

१९३३ साली अमेरिकेचा 'किंग काँग' जपानात आला. त्सुबुरायांनी तो पाहिला आणि ते झपाटून गेले. चित्रपटाची एक प्रत मिळवून त्यांनी तिची एकेक चौकट वेगळी करून पाहिली. हा वानर बाहुला आहे आणि तो एकेका चौकटीगणिक तसूतसूने हलवलेला आहे हे त्यांनी ओळखले. पुढे १९३७ मध्ये तोहो ही कंपनी उभी राहिली, तेव्हा तिच्यात विशेष तंत्रांचा विभाग त्यांच्याकडे आला. सुरुवातीला या विभागाला कोणी विचारीत नव्हते. मग युद्ध आले, आणि सगळे विचारू लागले.

इथे मला थोडे थांबावे लागते.

७ डिसेंबर १९४१ रोजी जपानी विमानांनी हवाई बेटांवरील पर्ल हार्बर या अमेरिकन नाविक तळावर हल्ला केला. जपानात तेव्हा ८ तारीख उजाडली होती. वर्ष होते न होते तोच, डिसेंबर १९४२ मध्ये, या हल्ल्यावर 'हवाई-मलायाचे सागरी युद्ध' हा तोहोचा चित्रपट पडद्यावर आला. दिग्दर्शक होते काजिरो यामामोतो. हल्ल्याची दृश्ये त्सुबुरायांची. नौदलाला चित्रपट तर हवा होता, पण गुप्ततेपायी जहाजांचे तपशील द्यायला ते तयार नव्हते. मग वर्तमानपत्रांतल्या छायाचित्रांवरून मोजमापे काढून त्सुबुरायांनी सबंध बंदराची प्रतिकृती उभारली. त्यात पाणी खेळवले. तारांवरून विमाने सोडली. जहाजांखाली स्फोट घडवले. युद्ध संपल्यावर अमेरिकन अधिकाऱ्यांना ही दृश्ये खऱ्या हल्ल्याचीच वाटली, अशी एक गोष्ट पुष्कळदा सांगितली जाते. ती अक्षरशः खरी असो वा नसो, ती पाहून फसवणूक होऊ शकते हे खरे.

त्सुबुरायांवर लिहिणारे लोक ही गोष्ट कौतुकाने सांगतात. मला ते कौतुक पुरतेपणी करवत नाही. खऱ्या पर्ल हार्बरमध्ये २,४०० हून अधिक अमेरिकन माणसे मेली. प्रतिकृतीत मेले कोणीच नाही. तिथे फक्त पाण्याचे सुंदर स्तंभ उसळले. तरुण मुलांनी ते पाहावे, त्यांच्या अंगात वीरश्री यावी आणि त्यांनी विमानात बसावे, यासाठीच तो चित्रपट होता. लाकडी विमाने करणाऱ्या, शाळा बंद पडल्याने वैमानिक होता न आलेल्या मुलाला अखेर विमाने मिळाली ती अशी! त्यांनी ते काम नाइलाजाने, हातचे राखून केले असते तर त्यांची बाजू घेणे मला सोपे गेले असते. पण पडद्यावर नाइलाज दिसत नाही. दिसते ते मन लावून केलेले, चोख काम. आणि चोख कामाचीच त्या सरकारला गरज होती.

पुढे काय झाले हे सर्वांना ठाऊक आहे. १० मार्च १९४५ च्या रात्री अमेरिकन विमानांनी टोकियोवर आगीचे बाँब टाकले; एका रात्रीत सुमारे एक लाख माणसे गेली. ऑगस्टमध्ये हिरोशिमा आणि नागासाकी. लाकडाची आणि कागदाची शहरे जळाली. या वेळी ती प्रतिकृती नव्हती.

पराभवानंतर अमेरिकन अमलाखाली युद्धाच्या प्रचारात भाग घेणाऱ्यांची चौकशी झाली. १९४८ मध्ये त्सुबुरायांना तोहो सोडावी लागली. वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी बेकार! टोकियोच्या सोशिगाया भागातल्या आपल्या घरीच त्यांनी एक छोटीशी प्रयोगशाळा थाटली आणि मिळेल ते काम घ्यायला सुरुवात केली. कोणाला चित्रपटाची नामावली करून दे, कोणाला एखादे दृश्य जोडून दे. नाव पुष्कळदा लागतच नसे. १९४९ मध्ये दाइएई या दुसऱ्या कंपनीने अदृश्य माणसावर एक विज्ञानपट काढला. त्यात माणूस नाहीसा करण्याचे काम त्यांनी केले. स्वतःचे ते काम त्यांना पसंत पडले नाही. पुढे तोहोने त्यांना परत बोलावले.

१९५४ च्या १ मार्चला अमेरिकेने पॅसिफिकमधील बिकिनी बेटांवर हायड्रोजन बाँबची चाचणी केली. त्या परिसरात मासेमारी करणाऱ्या 'भाग्यशाली ड्रॅगन क्रमांक ५' या जपानी बोटीवर पांढरी राख पडली. बोटीवर २३ जण होते, ते सारे आजारी पडले. त्यांच्यापैकी बिनतारी यंत्रचालक आइकिची कुबोयामा सप्टेंबरात वारले. देशभर हाहाकार उडाला. मासळी कोणी घेईना. त्याच वेळी तोहोचे निर्माते तोमोयुकी तानाका यांच्यापुढे वेगळेच संकट होते. इंडोनेशियात काढायचा त्यांचा चित्रपट ऐन वेळी रद्द झाला होता आणि ती जागा भरायला दुसरे काही हवे होते. बाँबमुळे जागा झालेला समुद्रातला राक्षस, ही कल्पना त्यांनी मांडली. त्सुबुरायांपाशी आधीच एक कथा होती, हिंदी महासागरात जहाजांवर हल्ला करणाऱ्या राक्षसी ऑक्टोपसची! ऑक्टोपस बाजूला पडला. गोरिल्ला आणि कुजिरा, म्हणजे देवमासा, या दोन शब्दांच्या जोडणीतून नाव आले गोजिरा.

दिग्दर्शक ठरले इशिरो होंडा. ते चीनमध्ये सैनिक होते, युद्धकैदीही होते. १९४६ मध्ये मायदेशी परतताना त्यांनी हिरोशिमाचे अवशेष डोळ्यांनी पाहिले होते. त्यांना या राक्षसाच्या अंगात बाँबच दिसत होता. माणसांची दृश्ये होंडांची, शहराची आणि राक्षसाची त्सुबुरायांची, अशी वाटणी झाली.

'किंग काँग'प्रमाणे बाहुला एकेक चौकट हलवून चित्रपट करायचा तर काही वर्षे लागली असती. हाताशी होते काही महिने. तेव्हा त्सुबुरायांनी दुसरी वाट धरली. माणसाला राक्षसाचे कातडे चढवायचे आणि त्याला खेळण्यातल्या शहरातून चालवायचे! मूर्तिकार तेइझो तोशिमित्सू यांनी मातीचे नमुने केले. मग बांबूच्या कामट्या आणि तार यांचा सांगाडा, त्यावर जाळी आणि भराव, त्यावर रबराचे थर. पहिला पोशाख सुमारे शंभर किलोंचा झाला आणि इतका ताठ, की आतला माणूस दहा-बारा पावले टाकून थांबे. तो कापून त्याचा फक्त पायांच्या दृश्यांसाठी उपयोग केला आणि दुसरा, जरा हलका बनवला.

आत शिरणारा माणूस होता हारुओ नाकाजिमा, वय २५. त्याच वर्षी, त्याच कंपनीच्या, कुरोसावांच्या 'सेव्हन सामुराई'त तो एक किरकोळ दरोडेखोर होता. अवजड प्राणी कसे चालतात हे पाहायला तो प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती-अस्वलांसमोर उभा राहत असे. पडद्यावर त्याचा चेहरा एकदाही दिसत नाही. आणि त्याचे हाल तर विचारूच नका! राक्षस अजस्र वाटावा यासाठी त्याची हालचाल संथ दिसायला हवी. त्यासाठी कॅमेरा नेहमीपेक्षा भरभर फिरवायचा. कॅमेरा भरभर फिरला की प्रत्येक चौकटीला उजेड कमी मिळतो. म्हणून दिवे वाढवायचे. दिवे वाढले की उष्णता वाढते. ती सगळी उष्णता त्या रबराच्या पोशाखात, नाकाजिमाच्या अंगावर. दृश्य संपल्यावर पोशाखातून घाम ओतून काढावा लागे. एखादा दुसरा असता तर पळून गेला असता. नाकाजिमाने १९७२ पर्यंत बारा चित्रपटांत हा पोशाख चढवला. २०१७ मध्ये तो वारला.

आता वडिलांच्या प्रश्नाकडे येते. शहर उभारले कला-दिग्दर्शक अकिरा वातानाबे आणि त्यांच्या सुतार-गिलाव्याच्या मंडळींनी. बहुतेक इमारती खऱ्याच्या पंचविसाव्या हिश्शाने. गिन्झा भागातले घड्याळाचा मनोरा असलेले दुकान, संसद भवन, पूल, रेल्वे. भिंती प्लास्टरच्या, पण आतून अशा कमकुवत करून ठेवलेल्या, की पायाचा धक्का बसताच त्या खऱ्या भिंतीसारख्या ढासळाव्यात, पुठ्ठ्यासारख्या दुमडू नयेत. राक्षसाच्या श्वासाने वितळणारे विजेचे मनोरे मेणाचे होते. प्रखर दिव्यांच्या झोतात ते खरोखर वितळत. आधी मोठमोठ्या गच्च्यांवर उभे राहून कोणती इमारत कुठून पाडायची, आग कुठे लावायची याची चर्चा ही मंडळी करीत होती. ते ऐकून एका दुकानाच्या रखवालदाराने त्यांना हटकले होते म्हणे! त्सुबुरायांच्या भागाचे चित्रीकरण ७१ दिवस चालले. बांधायचे काळजीने, पाडायचे एका दमात. एखादी इमारत चुकीची पडली की पुन्हा पहिल्यापासून बांधायची.

हे मी वडिलांना फोनवर सांगितले. त्यांनी नीट ऐकून घेतले. चुकीची पडली तर, हे त्यांना विशेष पटले. पाडकामातही हात लागतो, असे त्यांचे मत पडले.

३ नोव्हेंबर १९५४ रोजी 'गोजिरा' प्रदर्शित झाला. सुमारे ९६ लाख लोकांनी तो पाहिला. टोकियोच्या त्या आगीला तेव्हा दहा वर्षेही झाली नव्हती. चित्रपटगृहात बसलेल्या कितीतरी माणसांनी खरे शहर जळताना पाहिले होते, आणि आता तेच शहर पुन्हा जळत होते. एका दृश्यात कोसळत्या इमारतीखाली एक बाई मुलांना कवटाळून बसली आहे आणि आता आपण बाबांकडेच जाणार असे त्यांना समजावते आहे. बाबा कुठे आहेत हे त्या वेळच्या प्रेक्षकांना सांगावे लागत नव्हते. हे दृश्य होंडांचे. पण तिच्या मागे जी आग आहे ती त्सुबुरायांची. बारा वर्षांपूर्वी ज्या हातांनी बंदर उभारून उडवले, त्याच हातांची ही आग. तंत्र तेच, प्रतिकृती, पाणी, दारू, तारा, सारे तेच. फक्त आता कॅमेरा विमानात नव्हता. तो जमिनीवर, पडणाऱ्या घरांच्या बाजूला होता.

त्सुबुरायांनी हे प्रायश्चित्त म्हणून केले असे म्हणण्याचा मोह मला होतो. पण तसे म्हणायला माझ्यापाशी आधार नाही, आणि आपल्याला गोड वाटते म्हणून दुसऱ्याच्या तोंडी पश्चात्ताप घालणे बरे नव्हे. दोन्ही चित्रपट शेजारी ठेवून पाहावेत, एवढेच म्हणते.

यशानंतर कामांची रांग लागली. १९५५ च्या दुसऱ्या गोजिरापटात 'विशेष तंत्र दिग्दर्शक' अशी वेगळी पदवी त्यांच्या नावापुढे आली. मग 'रोदान', 'मोथ्रा', १९६२ मध्ये 'किंग काँग विरुद्ध गोजिरा'. यात त्यांनी हौस म्हणून जिवंत ऑक्टोपस आणून छोट्या झोपड्यांवर सोडले आणि चित्रीकरण झाल्यावर त्यातला एक जेवणात फस्त केला! सहकारी त्यांना 'ओयाजी' म्हणत, म्हणजे आपल्याकडे घरात वडिलांना 'म्हातारा' म्हणतात तसे. डोक्यावर हॅट, डोळ्यांवर चष्मा, गळ्यात टाय अशा थाटात ते प्लास्टरच्या ढिगाऱ्यात वावरत. राक्षसांच्या मारामारीत रक्त दाखवायला त्यांचा ठाम विरोध असे. पाहणारी मुले आहेत, हे त्यांचे कारण.

या मुलांसाठीच पुढे त्यांनी पदरचे पैसे घातले. १९६३ मध्ये त्यांनी स्वतःची कंपनी काढली. दोन चित्रे एकमेकांवर जुळवणारे अमेरिकन ऑप्टिकल प्रिंटर यंत्र त्यांनी दूरचित्रवाणीच्या एका मालिकेच्या भरवशावर मागवले. किंमत चार कोटी येन. मालिका बारगळली, यंत्र मात्र निघाले होते! अखेर टीबीएस या दुसऱ्या वाहिनीने ते यंत्र घेतले आणि त्यातूनच जानेवारी १९६६ मध्ये 'अल्ट्रा क्यू' ही मालिका सुरू झाली. त्याच जुलैत 'अल्ट्रामॅन' आली. रुपेरी-लाल अंगाचा, परग्रहावरून आलेला हा वीर पृथ्वीवर फक्त तीन मिनिटे लढू शकतो. छातीवरचा दिवा लुकलुकू लागला की वेळ संपत आली. प्रत्येक भागात शहर पाडणे परवडणारे नव्हते, म्हणूनही ही तीन मिनिटांची मर्यादा आली असे सांगतात.

पैशाची ओढाताण इतकी, की जुने राक्षस वाया जाऊ देत नसत. बारागोन नावाच्या राक्षसाचा पोशाख रंग, शिंगे, शेपटी बदलून चार वेगवेगळे राक्षस म्हणून वापरला गेला. 'अल्ट्रामॅन'च्या दहाव्या भागात तर खुद्द गोजिराच्या पोशाखाला मानेभोवती एक झालर लावून त्याचे जिरास असे बारसे झाले! मोठ्या भावाचे कपडे धाकट्याला करून घालणाऱ्या घरातली मी आहे. त्यामुळे हे वाचताना मला हसू आले आणि बरेही वाटले. तरीही प्रत्येक भाग वाहिनीकडून मिळणाऱ्या पैशापेक्षा महाग पडत होता. मालिका अफाट लोकप्रिय असताना ३९ भागांनंतर थांबली. वेळेत काम उरकेना, आणि कर्जही वाढत होते.

तिकडे मोठ्या पडद्याचीही उतरती कळा सुरू झाली होती. १९५८ मध्ये जपानात वर्षाला ११२ कोटींहून अधिक तिकिटे विकली जात. १९७० पर्यंत हा आकडा २५ कोटींवर घसरला. दूरचित्रवाणी घरोघर पोचली होती. ज्या पेटीसाठी त्सुबुराया कर्ज काढून राक्षस बनवीत होते, तीच पेटी त्यांच्या तोहोचे बजेट खात होती.

डिसेंबर १९६९ मध्ये 'ऑल मॉन्स्टर्स अटॅक' हा चित्रपट आला. मुलांसाठी, अगदी स्वस्तात काढलेला. राक्षसांच्या बऱ्याच मारामाऱ्या १९६६ आणि १९६७ च्या जुन्या चित्रपटांतून उचलून जोडलेल्या. रसिकांनी त्याची टर उडवली आहे. मला तो आवडतो. आईबाप दोघेही कामावर गेल्यामुळे कारखान्यांच्या वस्तीत एकटा राहणारा एक मुलगा मनातल्या मनात राक्षसांच्या बेटावर जातो, एवढीच त्याची कथा. मुलाचे नाव इचिरो. हा निव्वळ योगायोग असेल, पण मामाची आठवण होतेच. या वेळी विशेष दृश्येही प्रत्यक्षात होंडांनीच घेतली. त्सुबुराया आजारी होते आणि १९७० च्या ओसाका प्रदर्शनातील एका दालनाच्या कामातही गुंतले होते. तरी होंडांनी नामावलीत त्यांचे नाव मानाने ठेवले.

महिनाभरानंतर, २५ जानेवारी १९७० रोजी, समुद्रकाठच्या इतो या गावी आपल्या विश्रांतीच्या घरी झोपेतच त्यांचे निधन झाले. वय ६८. त्या दिवसांत ते एका नव्या चित्रपटाची तयारी करीत होते. त्यात राक्षस नव्हता. जपानातल्या पहिल्यावहिल्या वैमानिकांवर तो चित्रपट होता, आणि नावही त्यांनी ठरवून ठेवले होते, 'जपानी विमानवेडे'.